केल्ट लोक: उगम आणि सुरुवातीचा इतिहास – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

'केल्ट' हा शब्द चार वेगळ्या गोष्टींसाठी वापरला जातो: ग्रीक-रोमन लेखकांनी नोंदवलेलं लोकांचं नाव, एक भाषाकुल, जमिनीतून निघणाऱ्या वस्तूंची एक शैली, आणि अलीकडे डीएनएचा नमुना. या चारही गोष्टी नकाशावर रंगवल्या तर त्यांच्या सीमा एकमेकींवर बसत नाहीत. केल्टांबद्दलची बहुतेक चुकीची विधानं एका अर्थाचा पुरावा दुसऱ्या अर्थाला चिकटवल्यामुळे होतात. खालची उत्तरं वाचताना आपण चारांपैकी कशाबद्दल बोलतो आहोत याकडे लक्ष ठेवा.

केल्ट की सेल्ट?

इतिहासात आणि भाषाशास्त्रात 'केल्ट'. ग्रीक 'केल्टॉय' आणि लॅटिन 'केल्टाए' या दोन्हींत सुरुवातीला 'क'च आहे. 'सेल्ट' हा उच्चार फ्रेंच वळणाचा. तो आता मुख्यतः ग्लासगोचा फुटबॉल क्लब आणि बॉस्टनचा बास्केटबॉल संघ यांच्या नावात उरला आहे. तिथे मात्र 'सेल्टिक'च म्हणायचं.

हे नाव पहिल्यांदा कुठे येतं?

मिलेटसचा ग्रीक लेखक हेकाटायस याच्याकडे, इ.स.पू. ५०० च्या सुमारास. त्याचा ग्रंथ हरवला आहे, पण नंतरच्या लेखकांनी घेतलेली उद्धरणं शिल्लक आहेत. मस्सालिया, म्हणजे आजचं मार्सेय, हे केल्टांच्या मुलखाला लागून असल्याचं त्यांत म्हटलं आहे.

त्यानंतर ग्रीक इतिहासकार हेरोडोटस, इ.स.पू. पाचवं शतक. त्याचं विधान सर्वांत जास्त वापरलं जातं, आणि वाकवलंही जातं. तो म्हणतो की इस्ट्रोस (डॅन्यूब) नदी केल्टांच्या देशात पिरेने शहरापाशी उगम पावते, आणि हे केल्ट 'हर्क्युलिसच्या खांबां'पलीकडे, म्हणजे जिब्राल्टरच्या पश्चिमेला राहतात. पण डॅन्यूब उगम पावते जर्मनीतल्या काळ्या जंगलात. पिरेने हे नाव पिरेनीज पर्वताची आठवण करून देतं. आणि जिब्राल्टर तर पार दक्षिणेला. हेरोडोटसचा भूगोल इथे सरळसरळ चुकलेला आहे. केल्टांचं मूळ डॅन्यूबच्या उगमाशी मानणारे त्याच्या वाक्याचा पहिला अर्धा भाग उचलतात, अटलांटिक किनाऱ्यावर मानणारे दुसरा. त्यामुळे या एका वाक्यावर कोणताही सिद्धांत उभा करू नये.

ते स्वतःला केल्ट म्हणवत होते का?

काही जण, हो. ज्युलियस सीझर आपल्या गॉल (साधारण आजचा फ्रान्स) मोहिमेच्या वृत्तांताच्या पहिल्याच वाक्यात गॉलचे तीन भाग सांगतो: एकात बेल्गी, दुसऱ्यात अक्विटानी, आणि तिसऱ्यात 'स्वतःच्या भाषेत केल्ट आणि आमच्या भाषेत गॉल' म्हणवले जाणारे लोक. म्हणजे मध्य फ्रान्समधल्या जमातींना हे नाव आपलं वाटत होतं. रोजच्या व्यवहारात मात्र माणसाची ओळख जमातीची: एडुई, सेनोनीज, हेल्व्हेटी, बोई. ही नावं आजही नकाशावर आहेत. पॅरिसी जमातीवरून पॅरिस, रेमींवरून रॅन्स, ट्रेव्हेरींवरून ट्रिअर, बोईंवरून बोहेमिया. स्विस गाड्यांवर 'सीएच' अक्षरं असतात, त्यातलं 'एच' म्हणजे हेल्व्हेटी.

ब्रिटन आणि आयर्लंडच्या रहिवाशांना मात्र एकाही प्राचीन लेखकाने केल्ट म्हटलेलं नाही. मग आज 'केल्टिक' म्हटलं की आधी आयर्लंड का आठवतं? त्याचं उत्तर भाषेच्या प्रश्नात येईल.

हॉलस्टाट आणि ला तेन म्हणजे नेमकं काय?

ही दोन ठिकाणांची नावं आहेत, जमातींची किंवा राज्यांची नव्हेत.

हॉलस्टाट ऑस्ट्रियात, तळ्याकाठी. वरच्या खोऱ्यात मिठाची खाण. खाणीचा अधिकारी योहान गेओर्ग राम्साउअर याने १८४६ ते १८६३ या काळात तिथल्या दफनभूमीत ९८० थडगी उघडली. त्या काळच्या मानाने काम विलक्षण होतं: प्रत्येक थडग्याची नोंद आणि जलरंगातली चित्रं. साधारण निम्मी प्रेतं पुरलेली, निम्मी दहन केलेली. मिठामुळे खाणीत लाकूड, कातडं आणि कापडसुद्धा टिकलं आहे. तिथे सापडलेल्या एका लाकडी जिन्याचं वय वृक्षवलयांवरून इ.स.पू. चौदाव्या शतकातलं निघालं, म्हणजे खाणकाम 'हॉलस्टाट संस्कृती'च्या वैभवकाळापेक्षा कितीतरी जुनं.

ला तेन स्वित्झर्लंडमध्ये, नशातेल तळ्याच्या टोकाला. १८५७ मध्ये पाणी उतरलं असताना तिथे लाकडी खांब आणि लोखंडी शस्त्रं दिसली. पुढे दीडशेहून अधिक तलवारी, भाले, ढाली, वस्त्रं अडकवायच्या पिना निघाल्या. बहुधा हे पाण्यात वाहिलेलं अर्पण.

स्वीडिश पुरातत्त्वज्ञ हान्स हिल्डेब्रांड याने १८७२ मध्ये या दोन ठिकाणांच्या नावाने युरोपच्या लोहयुगाचे दोन टप्पे सुचवले. आज वापरात असलेली ढोबळ विभागणी अशी:

हॉलस्टाट अ आणि ब: इ.स.पू. १२०० ते ८००, खरं तर कांस्ययुगाचा शेवट. प्रेतं जाळून अस्थी कलशात पुरण्याची पद्धत.
हॉलस्टाट क आणि ड: इ.स.पू. ८०० ते ४५०, लोखंड, मिठाचा व्यापार, श्रीमंतांच्या थडग्यांवरची मातीची टेकाडं.
ला तेन: इ.स.पू. ४५० पासून रोमन विजयापर्यंत. वळणदार, वेलींसारखी गुंफलेली नक्षी ही याची खूण.

चूक होते ती इथे. ला तेन शैलीची तलवार सापडली म्हणजे तिचा मालक केल्टिक भाषा बोलत होता असं ठरत नाही. आयर्लंडमध्ये केल्टिक भाषा पक्की, पण ला तेन वस्तू तुरळक. स्पेनमधल्या केल्टिबेरियन लोकांची भाषा निःसंशय केल्टिक, पण त्यांची वस्तुसंस्कृती ला तेनहून बरीच वेगळी. उलट डेन्मार्कच्या दलदलीतही केल्टिक नक्षीची भांडी निघाली आहेत आणि तिथे केल्टिक बोलली जात नव्हती.

त्या टेकाडांत काय सापडलं?

दोन उदाहरणं तपशिलात पाहण्यासारखी आहेत.

पहिलं होखडॉर्फ, जर्मनीत श्टुटगार्टजवळ, इ.स.पू. ५३० च्या आसपासचं. १९७८-७९ मध्ये उत्खनन झालं आणि नशीब असं की लुटारू तिथवर पोचलेच नव्हते. आत साधारण चाळिशीचा, सुमारे १.८५ मीटर उंच पुरुष. तो २.७५ मीटर लांब कांस्याच्या पलंगावर निजवलेला. पलंग आठ स्त्रीमूर्तींनी डोक्यावर तोललेला, आणि त्यांच्या पायांखाली चाकं. पायथ्याशी सुमारे ५०० लिटरचा ग्रीक कढईवजा हंडा, आणि त्यात मधाच्या मद्याचा वाळलेला साका. हंड्याच्या काठावर तीन सिंह आहेत. दोन ग्रीक बनावटीचे, तिसरा मात्र स्थानिक कारागिराने बनवलेला, बहुधा मूळ तुटल्यावर. या कारागिराने सिंह कधी पाहिला नसणार, हे त्याच्या कामावरून लगेच कळतं. भिंतीला प्यायची नऊ शिंगं: आठ रानबैलांची आणि एक लोखंडाचं, साडेपाच लिटरचं. चारचाकी गाडीवर नऊ जणांपुरतीच ताटं. मेजवानीला कोण बसणार हे मोजून ठरवलेलं होतं.

दुसरं व्हिक्स, फ्रान्समध्ये बर्गंडीत, १९५३ मध्ये सापडलेलं, इ.स.पू. ५०० च्या आसपासचं. इथे स्त्री आहे, गळ्यात ४८० ग्रॅम सोन्याचा कडा. शेजारी ग्रीक बनावटीचं कांस्याचं मद्यपात्र: उंची १.६४ मीटर, वजन २०८ किलो, मावतात ११०० लिटर. एवढं भांडं अखंड वाहून आणणं अवघड, म्हणून ते सुट्या भागांत आलं. कोणती आकृती कुठे बसवायची हे कळावं म्हणून त्यावर ग्रीक अक्षरांच्या खुणा कोरलेल्या आहेत.

या वस्तू भूमध्य सागराकडून रोन आणि सोन नद्यांच्या वाटेने वर आल्या. मोबदल्यात काय जात असे? मीठ, धातू, कातडी, लोकर, आणि बहुधा गुलाम. डॅन्यूबकाठच्या हॉयनेबुर्ग किल्ल्यावर तर इ.स.पू. ६०० च्या सुमारास चुनखडीच्या पायावर कच्च्या विटांची, पांढरा चुना फासलेली भिंत उभी राहिली. भूमध्य किनाऱ्याची ही पद्धत आल्प्सच्या उत्तरेकडच्या पाऊस-बर्फात शोभेची जास्त, तरी नीट निगा राखल्याने ती काही दशकं टिकली.

वारसा बापाकडून मुलाकडे जात होता का?

होखडॉर्फ आणि तिथून सुमारे १० किलोमीटरवरचं ग्राफेनब्यूल या दोन थडग्यांतल्या पुरुषांचा डीएनए २०२४ मध्ये प्रसिद्ध झाला. नातं निघालं बहुधा मामा-भाच्याचं. म्हणजे निदान या घराण्यात सत्ता आईच्या बाजूने सरकत असावी. हा निष्कर्ष सगळ्या केल्टांना लावू नका. नमुने थोडे आणि एकाच टापूतले आहेत.

कार्बन चाचणीने नक्की वर्ष का सांगता येत नाही?

कारण हा काळच अडचणीचा आहे. साधारण इ.स.पू. ८०० ते ४०० या काळात वातावरणातल्या किरणोत्सारी कार्बनचं प्रमाण असं बदलत गेलं की आज चाचणीत त्या चारशे वर्षांतले बरेच नमुने जवळजवळ एकाच वयाचे दिसतात. आलेखात ही सपाट पट्टी दिसते, म्हणून तिला 'हॉलस्टाट पठार' म्हणतात. केल्टांचा अख्खा सुवर्णकाळ नेमका त्याच पठारावर बसला आहे.

म्हणून तज्ज्ञ दोन इतर वाटांनी जातात. पहिली, लाकडाची वृक्षवलयं: फिलिंगेनजवळच्या माग्डालेनेनबेर्ग टेकाडातल्या मधल्या खोलीचं लाकूड इ.स.पू. ६१६ मध्ये तोडलं होतं, असं थेट वर्षासकट सांगता आलं. दुसरी, कपडे अडकवायच्या कांस्य-पिना, आजच्या सेफ्टी पिनच्या पणज्या. त्यांची फॅशन दर पिढीला बदलत गेली, म्हणून पिनेच्या आकारावरून थडग्याचा काळ काही दशकांच्या आत बांधता येतो. एखाद्या लेखात या काळातल्या थडग्याचं नेमकं वर्ष 'कार्बन चाचणीनुसार' दिलेलं दिसलं तर सावध व्हा.

मग मूळ स्थान कोणतं?

तीन मतं आहेत.

जुनं मत मध्य युरोपचं: कलशदफन करणारे, मग हॉलस्टाट, मग ला तेन, आणि तिथून सगळीकडे पसरलेले केल्ट. पाठ्यपुस्तकातला तो बाणांचा नकाशा हाच. त्यातली कमजोरी वर आलीच आहे: वस्तू आणि भाषा एकच धरल्या आहेत.

दुसरं मत पश्चिमेचं, बॅरी कनलिफ आणि जॉन कॉक यांनी २०१० पासून जोराने मांडलेलं. अटलांटिक किनाऱ्यावरच्या बंदरांमधल्या दळणवळणात, कांस्ययुगातच केल्टिक भाषा घडली असं ते म्हणतात. त्यांचा एक आधार म्हणजे नैर्ऋत्य पोर्तुगाल-स्पेनमधले टार्टेसियन शिलालेख. ते केल्टिक आहेत हे बहुसंख्य भाषाशास्त्रज्ञांना पटलेलं नाही, आणि तिथेच हे मत लंगडतं.

तिसरं, पॅट्रिक सिम्स-विल्यम्स यांनी २०२० मध्ये मांडलेलं: उगम मधोमध, साधारण आजच्या फ्रान्सच्या आसपास, आणि प्रसार इ.स.पू. पहिल्या सहस्रकाच्या आगेमागे. आमच्या मते स्थलनामं, शिलालेख आणि भाषांतला जवळपणा या तिन्हींशी हे सर्वांत कमी ओढाताण करून जुळतं.

एखादी भाषा केल्टिक आहे हे कसं ओळखतात?

ध्वनींवरून, आणि इथे संस्कृत-मराठी येणाऱ्या वाचकाला फायदा आहे.

पहिली पायरी: मूळ इंडो-युरोपीय 'प' गळाला आहे का पाहा. संस्कृत 'पितृ', लॅटिन 'पातेर', पण प्राचीन आयरिशमध्ये 'अथिर'. संस्कृत 'उपरि', मराठी 'वर', गॉलच्या जुन्या भाषेत, म्हणजे गॉलिशमध्ये, 'वेर'. गॉलचा नेता व्हर्सिंजेटोरिक्स याचं नाव फोडलं तर 'वेर' म्हणजे वर, 'किंगेतो' म्हणजे योद्धे, 'रिक्स' म्हणजे राजा: योद्ध्यांवरचा राजा. 'रिक्स' आणि आपला 'राजा' एकाच धातूचे.

दुसरी पायरी: मूळ 'क्व' ध्वनीचं काय झालं? 'चार'ला आयरिशमध्ये 'काहिर', वेल्शमध्ये 'पेद्वार'. 'पाच'ला आयरिश 'कूग', वेल्श 'पिंप'. मुलाला आयरिशमध्ये 'मॅक', वेल्शमध्ये 'माब'. यावरून 'क' गट आणि 'प' गट असे दोन भाग पडतात. आयरिश, स्कॉटिश गेलिक आणि मँक्स (आयल ऑफ मॅन बेटाची) 'क' गटात. वेल्श, कॉर्निश (कॉर्नवॉलची), ब्रेतॉन (वायव्य फ्रान्सची) आणि जुनी गॉलिश 'प' गटात. केल्टिबेरियन मात्र गॉलच्या शेजारी असूनही जुना 'क्व' जपून आहे, म्हणून ही विभागणी म्हणजे वंशवेल समजू नका. ती फक्त एका ध्वनिबदलाची नोंद आहे.

दक्षिण फ्रान्समधल्या ला ग्रोफसांक इथल्या कुंभारांनी इ.स. पहिल्या शतकात भट्टीचे हिशेब गॉलिशमध्ये लिहिले. त्यात क्रमवाचक शब्द आहेत: त्रितोस, ओक्स्तुमेतोस, नामेतोस, देकामेतोस. तृतीय, अष्टम, नवम, दशम. एक सापळाही आहे: 'सेक्स्तामेतोस' हा लॅटिनच्या 'सेक्स्तुस'मुळे सहावा वाटतो, पण तो सातवा, सप्तम. सहाव्याला 'सुएक्सोस'.

आयरिश आणि वेल्श लोक 'केल्ट' कधी झाले?

सतराव्या-अठराव्या शतकाच्या वळणावर. ब्रेतॉन धर्मगुरू पोल-ईव्ह पेझ्राँ याने १७०३ मध्ये ब्रेतॉन आणि वेल्श भाषा प्राचीन केल्टांच्या आहेत असं मांडलं. १७०७ मध्ये वेल्श विद्वान एडवर्ड लॉइड याने आयरिश, वेल्श, कॉर्निश, ब्रेतॉन यांची पद्धतशीर तुलना छापली. नातं खरं होतं, त्याला 'केल्टिक' हे नाव मिळालं, आणि भाषेचं नाव हळूहळू लोकांना लागलं. नाव उशिराचं म्हणून नातं खोटं ठरत नाही. पण आयर्लंडमधला कोणी शेतकरी इ.स. ५०० मध्ये 'मी केल्ट' म्हणत होता असंही नाही.

केल्ट भारतातून गेले का? द्रुईड म्हणजे द्रविड?

नाही, दोन्हींना नाही. केल्टिक आणि संस्कृत या बहिणी-बहिणी, कोणी कोणाची आई नाही. विल्यम जोन्सने १७८६ मध्ये कोलकात्यात संस्कृत, ग्रीक, लॅटिन यांचा समान उगम सुचवला तेव्हा केल्टिकचंही नाव घेतलं होतं.

'द्रुईड' (केल्टांचे पुरोहित-विद्वान) आणि 'द्रविड' हे शब्द फक्त कानाला सारखे. खरं साम्य दुसरीकडे आहे: 'द्रुईड'चा शेवटचा भाग 'विद्', म्हणजे जाणणे, ज्यावरून 'वेद' आला. पहिला भाग झाडाचा (संस्कृत 'द्रुम', किंवा लाकूड या अर्थाचा 'दारु' आठवा) की 'पक्कं, दृढ' या अर्थाचा, यावर मतभेद आहेत.

गुंडेस्ट्रुप हंड्यावरचा मांडी घालून बसलेला शिंगवाला देव आणि मोहेंजोदडोची 'पशुपती' मुद्रा शेजारी-शेजारी ठेवलेलं चित्र बऱ्याच जणांना फॉरवर्ड होऊन येतं. मुद्रा इ.स.पू. तिसऱ्या सहस्रकाच्या उत्तरार्धातली. हंडा १८९१ मध्ये डेन्मार्कच्या दलदलीत सापडलेला, सुमारे ९ किलो चांदीचा, इ.स.पू. दुसऱ्या-पहिल्या शतकाच्या आसपासचा, आणि त्यावरची ठोककला थ्रेसकडची, म्हणजे आजच्या बल्गेरिया-रुमानियाच्या बाजूची. मध्ये जवळजवळ दोन हजार वर्षं आणि जोडणारा एकही दुवा नाही.

मग कोलिन्यीचं पंचांग?

हे साम्य मात्र थांबून पाहावं असं आहे. फ्रान्समधल्या कोलिन्यी गावात १८९७ मध्ये कांस्यपत्र्याचे सुमारे दीडशे तुकडे सापडले. जुळवल्यावर ते इ.स. दुसऱ्या शतकातलं गॉलिश भाषेतलं पंचांग निघालं. महिने २९ किंवा ३० दिवसांचे चांद्र. प्रत्येक महिन्याचे दोन पंधरवडे, आणि दुसऱ्या पंधरवड्याची मोजणी पुन्हा एकपासून. पाच वर्षांचं चक्र, त्यात ६० नियमित महिने आणि दर अडीच वर्षांनी एक असे दोन अधिक महिने, एकूण ६२.

वेदांग ज्योतिषातलं पाच वर्षांचं युगही ६२ चांद्रमासांचं, दोन अधिकमासांसह. उसनवारीचा पुरावा नाही. चंद्र आणि सूर्य दोघांना एकाच कोष्टकात बसवायचं तर साधं गणित याच आकड्यापाशी आणून सोडतं, हे पुरेसं कारण आहे. चांद्रवर्ष सौरवर्षापेक्षा सुमारे ११ दिवसांनी लहान, अडीच वर्षांत फरक जवळपास एका महिन्याएवढा. पण पाच वर्षांत हे ६२ चांद्रमास सौर हिशेबापेक्षा सुमारे पावणेपाच दिवसांनी जास्त भरतात, म्हणून हे चक्र दुरुस्तीशिवाय फार काळ चालत नाही. आपल्याकडे पुढे १९ वर्षांत ७ अधिकमासांच्या जवळ जाणारी बारीक गणना आली ती याचसाठी.

रोम कोणी लुटलं?

सेनोनीज या गॉल जमातीने, ब्रेन्नसच्या नेतृत्वाखाली. आल्लिया नदीकाठी रोमन सैन्य मोडलं. रोमन परंपरेने वर्ष इ.स.पू. ३९०, ग्रीक कालगणनेने ३८७ किंवा ३८६, आणि दुसरंच जास्त विश्वासार्ह. खंडणी १००० पौंड सोनं. वजनं खोटी असल्याची तक्रार झाल्यावर ब्रेन्नसने तराजूत तलवार टाकली आणि 'हरलेल्यांची धडगत नाही' असं म्हटलं, ही कथा रोमन इतिहासकार लिव्हीने साडेतीनशे वर्षांनंतर लिहिलेली आहे, तेव्हा ती कथा म्हणूनच घ्या. उत्तर इटलीत मात्र हे लोक खरंच वसले: मिलान म्हणजे मेडिओलानुम, इन्सुब्रेस जमातीचं.

तुर्कस्तानात केल्ट कसे पोचले?

डॅन्यूबच्या वाटेने. इ.स.पू. ३३५ मध्ये त्यांचे दूत अलेक्झांडरला भेटले होते. तुम्हाला सर्वांत जास्त भीती कशाची, असं त्याने विचारलं. आपलं नाव ऐकायची त्याची अपेक्षा. उत्तर आलं, आभाळ कोसळण्याची. इ.स.पू. २७९ मध्ये एका टोळीने मॅसिडोनियाचा राजा टॉलेमी केरौनोस याला ठार केलं, आणि दुसरा एक ब्रेन्नस डेल्फीपर्यंत धडकला. हा रोमवाला ब्रेन्नस नव्हे. दोघांत शतकभराचं अंतर आहे आणि गल्लत नेहमी होते.

पुढच्याच वर्षी बिथिनियाचा (आजच्या वायव्य तुर्कस्तानातलं राज्य) राजा निकोमेडिस याने भावाशी लढायला त्यांना भाडोत्री म्हणून सामुद्रधुनीपलीकडे बोलावलं. लिव्हीच्या मते २०,००० माणसं आली आणि त्यांत शस्त्रधारी निम्मेच, बाकी बायकामुलं. म्हणजे ही फौज नव्हती, बिऱ्हाड होतं. तोलिस्तोबोगी, तेक्तोसाजेस आणि त्रोक्मी या तीन जमाती अंकाराच्या आसपास स्थिरावल्या. तो मुलूख गलातिया. बायबलमध्ये सेंट पॉलचं पत्र गलातीकरांनाच आहे. रोममध्ये असलेला 'मरणासन्न गॉल' हा प्रसिद्ध पुतळा पश्चिम तुर्कस्तानातल्या पर्गामॉनच्या राजाने याच लोकांवर मिळवलेल्या विजयाच्या स्मारकाची रोमन नक्कल मानला जातो.

ते खरंच नागडे लढत?

काही. ग्रीक इतिहासकार पोलिबियस इ.स.पू. २२५ च्या तेलामॉनच्या लढाईत गाएसाताए नावाच्या भाडोत्री तुकडीबद्दल असं लिहितो, आणि त्याच लढाईतले इतर गॉल विजारी आणि हलके झगे घालून होते असंही लिहितो. दुसरा भाग कोणी उद्धृत करत नाही. लोखंडी कड्यांचं चिलखत रोमनांनी केल्टांकडूनच उचललं. गॉलिश तलवार पहिल्या घावात वाकते आणि पायाखाली धरून सरळ करावी लागते, हाही पोलिबियसचाच शेरा. धातुपरीक्षणात मात्र काही पाती मऊ तर काही उत्तम पोलादी निघाली आहेत.

द्रुईड काय शिकवत? स्टोनहेंज त्यांनी बांधलं?

स्टोनहेंजचे मोठे दगड इ.स.पू. २५०० च्या सुमाराचे. द्रुईडांचा पहिला उल्लेख त्यानंतर दोन हजारांहून अधिक वर्षांनी. सांगड घातली सतराव्या-अठराव्या शतकातल्या इंग्रज हौशी संशोधकांनी, जॉन ऑब्री आणि विल्यम स्ट्यूक्ली यांनी.

शिक्षणाबद्दल सीझर सांगतो की काही शिष्य २० वर्षं शिकत आणि सगळं तोंडपाठ करत. हिशेबठिशेब ग्रीक लिपीत लिहीत, पण विद्या लिहून ठेवणं निषिद्ध: ती लोकांत पसरू नये, आणि लिपीच्या भरवशावर स्मरणशक्ती आळसावू नये म्हणून. वेदपाठाच्या परंपरेशी ओळख असलेल्याला हे नवं वाटणार नाही. फरक एवढाच की इथे साखळी तुटली नाही. तिथे तुटली, आणि लिहिलेलं नसल्याने काहीच उरलं नाही. आज 'द्रुईडांचं प्राचीन ज्ञान' म्हणून विकलं जातं ते जास्तीत जास्त अठराव्या शतकाइतकं जुनं असतं.

डीएनए काय म्हणतो?

'केल्टिक जनुक' असं काही नाही. २०१५ च्या ब्रिटनच्या मोठ्या अभ्यासात कॉर्नवॉल, वेल्स, उत्तर आयर्लंड आणि स्कॉटलंडचे लोक एका गटात आलेच नाहीत. त्यांचे आपापसांत ठळक फरक दिसले. प्राचीन हाडांच्या अभ्यासात ब्रिटनमध्ये दोन मोठ्या लाटा दिसतात. इ.स.पू. २४०० च्या सुमारास सुमारे ९० टक्के जनुकसंच बदलला. त्यानंतर इ.स.पू. १००० ते ८७५ दरम्यान मुख्यतः फ्रान्सच्या बाजूने आलेल्यांमुळे दक्षिण ब्रिटनमध्ये लोहयुगातल्या लोकांचा जवळपास अर्धा वारसा बदलला. केल्टिक भाषा या दुसऱ्या लाटेबरोबर आली असावी, हा २०२२ च्या अभ्यासाचा तर्क आहे. तर्कच, कारण हाडं बोलत नाहीत.

गॉलची भाषा कशी संपली?

इ.स.पू. ५८ ते ५० मधल्या सीझरच्या मोहिमेने राजकीय शेवट झाला. ५२ मध्ये अलेसियाभोवती त्याने आत सुमारे १६ आणि बाहेर २१ किलोमीटर अशा दुहेरी तटबंदीने व्हर्सिंजेटोरिक्सला कोंडलं, आणि ४६ मध्ये रोममध्ये ठार केलं. भाषा मात्र आणखी चार-पाचशे वर्षं खेड्यांत टिकली. आजची ब्रेतॉन ही तिची लेक नव्हे. ती ब्रिटनमधून समुद्र ओलांडून आलेल्यांची. गॉलिश शब्द उरले ते लॅटिनच्या पोटात. 'कार्रोस' या गॉलिश गाडीवरून 'कार', आणि 'अंबाक्तोस' म्हणजे सेवक, त्यावरून 'अँबॅसिडर'. आपल्याकडच्या त्या जुन्या पांढऱ्या सरकारी गाडीचं नाव दोन्ही बाजूंनी केल्टिक होतं.

प्रत्यक्ष काय, कुठे पाहता येईल?

हॉलस्टाटला गेलात तर तळ्याचे फोटो काढून परतू नका. दफनभूमी आणि खाण वरच्या खोऱ्यात आहेत. खाणीत बारा महिने गारठा असतो, स्वेटर ठेवा. थडग्यांतल्या महत्त्वाच्या वस्तू मात्र व्हिएन्नाच्या निसर्गेतिहास संग्रहालयात आहेत. ला तेनच्या जागेवर पाहण्यासारखं काही उरलेलं नाही, तेव्हा जवळच्या लातेनियुम संग्रहालयात जा. होखडॉर्फच्या वस्तू श्टुटगार्टला, व्हिक्सचं पात्र शातियाँ-स्युर-सेन या छोट्या गावात, कोलिन्यीचं पंचांग लियाँला, गुंडेस्ट्रुप हंडा कोपनहेगनच्या राष्ट्रीय संग्रहालयात. एकाच सहलीत बसवायचं असेल तर लियाँ, शातियाँ, नशातेल आणि श्टुटगार्ट अशी वर चढत जाणारी वाट धरा. ग्रीक हंडे आणि मद्यपात्रं उत्तरेकडे गेली ती साधारण याच दिशेने.